त्या गल्लीत कोण गेलं होतं

साखरपुड्याला अकरा दिवस राहिले होते आणि आनंदराज एका म्हातारबाच्या दंडाला रबर बांधून शीर शोधत होता, तेव्हा विनोदचा फोन आला. त्यानं तो वाजू दिला. दुसऱ्यांदा वाजला, तिसऱ्यांदा वाजला. शेवटी म्हातारबाच म्हणाला, "घे की बाबा, घरी काही झालं असंल." आनंदराजनं नळी भरली, कापूस लावला, म्हातारबाचा हात कोपरात दुमडून दिला आणि फोन घेऊन लॅबच्या मागच्या जिन्यावर गेला.

विनोद म्हणजे त्याच्या होणाऱ्या बायकोचा, विशाखाचा, थोरला भाऊ. लातूरचा. माणूस अदबशीर, "जय भीम सर, जेवण झालं का" म्हटल्याशिवाय पुढं न सरकणारा. आज त्यानं जय भीमही घातला नाही.

"कार्यक्रम थांबवा," तो म्हणाला. "हॉल सांगितला असंल तर रद्द करा."

"का? काय झालं?"

"ते तुम्हाला माहीत हाय. पोरगी द्यायच्या आधी चौकशी करतात सगळे. आम्ही उशिरा केली, ती आमची चूक. पण केली ते बरं झालं. सिकंदराबादला जाऊन काय दिवे लावलेत ते तुमच्याच जिगरी दोस्तानं सांगितलं. भोकरच्या बालाजीनं."

आनंदराज पायरीवर खाली बसला.

"विनोदभाऊ, ते तसं न्हाई. ते खोटं हाय."

"म्हणजे बालाजी खोटं बोलला?"

"न्हाई, तो न्हाई... म्हणजे मीच..."

"बघा. तुमचं तुम्हालाच जुळवता येईना." आणि फोन बंद झाला.

आनंदराज किनवट तालुक्यातल्या इस्लापूरचा. वडील तो दहावीत असताना गेले. आई सरजाबाई अंगणवाडीत मदतनीस होती. तिनं पोराला लॅब टेक्निशियनचा कोर्स करायला नांदेडला धाडलं, पोरीचं लग्न केलं आणि मग पोराच्या लग्नाची वाट बघत बसली. ती वाट बारा वर्षं लांबली. पंचविशीत बहिणीचं आधी म्हणून थांबले. तिशीत मुलीकडचे विचारायचे, नोकरी कायम हाय का? खाजगी लॅब, कायम कुठली. पस्तिशीत विचारायचे, इतके दिवस का राहिलं, काही भानगड? आता तो सदतीस वर्षांचा होता. कानशिलावर पांढरे आले होते आणि गेल्या दोन वर्षांत तो कुणाच्या लग्नाला गेला नव्हता.

भानगड काही नव्हती. भानगड नव्हती हेच त्याचं दुखणं होतं. लॅबमध्ये त्यानं हजारो बायकांचे हात हातात घेतले होते, ते शीर शोधायला. मूठ आवळा, आता सोडा, पाच मिनिटं कापूस दाबून धरा. बाईचा स्पर्श म्हणून त्याला जे काही ठाऊक होतं ते एवढंच. आणि ही गोष्ट जगात फक्त आपल्याच बाबतीत घडलीय, बाकी सगळे पुरुष केव्हाच पुढं निघून गेलेत, आपण एकटे स्टेशनवर राहिलोय, असं त्याला वयाच्या विसाव्या वर्षापासून वाटत आलं होतं. वाटायला कारणही होतं. त्याच्या भोवतीचे सगळे पुरुष या एकाच विषयावर बोलायचे, आणि सगळे असे बोलायचे जसं काही नुकतेच तिथून उठून आलेत.

सगळ्यांत जास्त बोलायचा बालाजी.

पंधरा वर्षांपूर्वी तरोडा नाक्याजवळ एका खोलीत तिघं राहायचे: आनंदराज, भोकरच्या शेषेराव पाटलांचा बालाजी आणि देगलूरचा मल्लिकार्जुन. तिघंही निघेल ती भरती भरायचे. पोलीस, तलाठी, रेल्वे. भात, वरण आणि गप्पा. बालाजीच्या गप्पांत मामाच्या गावची एक बाई होती, कॉलेजची एक मॅडम होती, शेतावर कामाला येणारी कुणी होती. मल्लिकार्जुन कमी बोलायचा, पण जे बोलायचा ते डोळा मारून. आनंदराज ऐकायचा, हसायचा, आणि कुणी "तुझं काय बे?" म्हटलं की "सांगीन कधीतरी" म्हणून पुस्तकात तोंड घालायचा.

दोन हजार बाराच्या उन्हाळ्यात रेल्वेच्या परीक्षेला तिघं सिकंदराबादला गेले. पेपर बारा वाजता सुटला, परतीची गाडी संध्याकाळची. बालाजी म्हणाला, "आता मर्दावानी एक काम करू. ती गल्ली मला माहीत हाय." गल्लीच्या तोंडाशी गेल्यावर त्यानंच सुचवलं की तिघांनी बरोबर जाऊ नये, ज्यानं त्यानं आपापलं बघावं, आणि साडेपाचला स्टेशनवर भेटावं.

आनंदराज त्या गल्लीत वीस पावलं गेला. एका दारात एक बाई बसली होती, तांदूळ निवडत. तिनं मान वर करून बघितलं आणि परत सुपाकडं बघितलं. तो वळला आणि जवळजवळ पळतच मोठ्या रस्त्यावर आला. मग तीन तास एका इराण्याच्या हॉटेलात बसून तो चार चहा प्याला.

स्टेशनवर बालाजी आधीच आलेला होता. त्यानं आपलं रंगवून सांगितलं. मल्लिकार्जुनानं शर्टाची कॉलर सारखी करत दोनच वाक्यं सांगितली, पण ती बालाजीला भारी पडली. मग दोघं आनंदराजकडं वळले. सगळ्यांत शेवटी सांगणाऱ्याला सगळ्यांत मोठं सांगावं लागतं. आनंदराजनं सांगितलं. काय काय सांगितलं ते पुढं त्यालाही नीट आठवत नव्हतं. एवढंच आठवत होतं की बालाजीनं पाठीवर थाप मारून "च्यायला, हा तर आपला बाप निघाला" असं म्हटलं होतं, आणि त्या थापेचं त्याला आतून बरं वाटलं होतं.

पुढं कधीही तिघं भेटले की ती गोष्ट निघायची, आणि दर वेळी आनंदराज हसून ती खरी करायचा.

फोन बंद झाल्यावर त्याला पहिल्यांदा सुचलं ते लॅबवाल्या माणसाला सुचावं तसंच. त्यानं स्वतःचं रक्त काढलं, एचआयव्हीसकट सगळ्या तपासण्या केल्या, डॉक्टरांची सही घेतली आणि रिपोर्ट विनोदला व्हॉट्सॲपवर पाठवला. सगळं निगेटिव्ह. अर्ध्या तासानं उत्तर आलं: "लॅब तुमचीच ना?" पाठोपाठ दुसरं आलं: "आणि निगेटिव्ह आलं म्हणजे केलं नाही असं होत नाही."

केलेल्याची खूण राहते, साक्षीदार राहतात. न केलेल्याचं काय दाखवणार? सदतीस वर्षांची रिकामी बाजू कुठल्या मशीनमध्ये घालून तिचा कागद काढणार?

दुसऱ्या दिवशी रजा टाकून तो भोकरला गेला.

बालाजीला नोकरी लागली नव्हती. तो शेती बघायचा आणि तालुक्याच्या रोडवर त्याचं पाइप आणि ठिबकच्या सामानाचं दुकान होतं. दोन वर्षांपूर्वी त्याचं तनुजाशी लग्न झालं होतं. आनंदराज लग्नाला गेला नव्हता. पण गेल्या दिवाळीपासून तनुजा माहेरी आहे हे त्याच्या कानावर होतं.

"आरं, या नवरदेव!" बालाजी गल्ल्यावरनं उठला. "तुझा मेव्हणा येऊन गेला गेल्या हप्त्यात. मस्त माणूस. धाब्यावर बसलो आम्ही. तुझी लई तारीफ केली मी."

"काय तारीफ केलीस?"

"म्हणलं, मर्द गडी हाय. दिसायला साधा, पण सिकंदराबादला आमच्या दोघांना गार केलं यानं. हसला तो बी."

"त्यानं सोयरीक मोडली, बालाजी."

बालाजीच्या चेहऱ्यावरचं हसू उतरायला वेळ लागला. दुकानात एक गिऱ्हाईक नळ बघत उभं होतं. ते गेलं. मग बालाजीनं शटर अर्धं खाली ओढलं.

"आयला. मला वाटलं... लग्नाच्या पोराबद्दल असंच सांगतात की."

"मी गेलो नव्हतो," आनंदराज म्हणाला.

"कुठं?"

"त्या गल्लीत. वीस पावलं गेलो आणि पळून आलो. हाटेलात बसलो होतो. आणि त्याच्या आधी न्हाई, नंतर न्हाई. आजपर्यंत न्हाई."

आनंदराजला वाटलं, आता हा हसणार. पण बालाजी हसला नाही. तो पाइपांच्या गठ्ठ्यावर बसला आणि त्यानं दोन्ही तळहात तोंडावरनं फिरवले.

"मी तर गल्लीच्या आत बी न्हाई गेलो," तो म्हणाला. "तुम्ही दोघं गेल्यावर माघारी फिरलो. स्टेशनवर वजनाच्या मशीनपाशी बसलो होतो. तीनदा वजन केलं."

"आणि मामाच्या गावची बाई? मॅडम?"

"कशाची मॅडम घेऊन बसलास." बालाजीनं जमिनीकडं बघत सांगितलं. "लग्नाच्या रात्री पहिल्यांदा... माझे हातच कापायले होते. काय करायचं तेच कळंना. तिला वाटलं, मला ती आवडली न्हाई. मग रोजचंच झालं ते. ती म्हणाली, नांदेडला डॉक्टरला दाखवू. मी तिला मारलं." मग तो म्हणाला, "एकदाच. पण मारलं."

बाहेर रोडवरनं उसाची ट्रॉली गेली. आनंदराजला राग यायचा होता तो कुठंतरी अडकून राहिला. सिकंदराबादच्या त्या फलाटावर दोन पोरं एकमेकांना घाबरून एकमेकांशी खोटं बोलली होती, आणि त्या खोट्यावर दोघांनी तेरा वर्षं काढली होती.

"मग एक कर," तो म्हणाला. "विनोदला फोन लाव. एवढंच सांग की त्या सगळ्या पोरकट गप्पा होत्या, कुणीच कुठं गेलं नव्हतं."

बालाजीनं मान वर केली. आता त्याचा चेहरा परत दुकानदाराचा झाला होता.

"ते न्हाई जमायचं, आनंद्या."

"का?"

"तनुजाच्या माहेरचे काय बोलून राहिलेत ठावं हाय का तुला? पोरगा कामाचा न्हाई म्हणून. पंचायतीसारखी बैठक लावायलेत. असं असताना मी तोंडानं सांगू, का मी बी गेलो नव्हतो, मला बी काही ठावं नव्हतं? लातूर काही लांब न्हाई. चार दिवसांत भोकरला येईल ती गोष्ट. मला काय इज्जत राहील?"

"माझं लग्न मोडलं, बालाजी."

"तुला दुसरी मिळंल," बालाजी म्हणाला आणि शटर वर ढकललं.

तिसऱ्या दिवशी आनंदराज लातूरला गेला. विनोदला न कळवता. विशाखा एका खाजगी दवाखान्यात नर्स होती. दुपारी दोनला तिची ड्यूटी सुटते हे त्याला माहीत होतं. दोन महिने रोज फोनवर बोलत होते ते. ती तेहतीसची होती, स्पष्ट बोलायची, आणि हसली की पुढचं वाक्य विसरायची. पहिल्याच भेटीत तिनं विचारलं होतं, "तुम्हाला राग आल्यावर तुम्ही काय करता?" त्यानं खरं सांगितलं होतं, "गप्प बसतो." तिला ते आवडलं होतं.

दवाखान्याच्या फाटकासमोर रसवंती होती. त्याला बघून विशाखा थबकली, पण टाळून गेली नाही. समोरच्या बाकड्यावर येऊन बसली.

"दादाला कळलं तर ओरडेल," ती म्हणाली. "बोला."

बसमध्ये तीन तास जुळवलेलं सगळं तो विसरून गेला. त्यानं सरळ सांगितलं. गल्ली, वीस पावलं, इराण्याचं हॉटेल, चार चहा. आजपर्यंत आपल्याला काहीच अनुभव नाही, हेही सांगितलं. सांगताना कान तापले, रसाचा ग्लास हातात तसाच राहिला.

विशाखानं मधे एकदाही अडवलं नाही.

"माझा विश्वास आहे," ती म्हणाली.

त्याला कळेना आपण नीट ऐकलं का.

"खरंच आहे विश्वास. मी नर्स आहे. आमच्या ओपीडीत जोडपी येतात, लग्नाला तीन तीन वर्षं झालेली. मूल होईना म्हणून. सगळे रिपोर्ट नॉर्मल. मॅडम दार लावून विचारतात तेव्हा कळतं, काही झालेलंच नसतं. चांगली शिकलेली माणसं असतात. त्यात लाजायचं काय आहे? तुम्ही मला हे पहिल्या दिवशी सांगितलं असतं, तर मला उलट बरं वाटलं असतं. मला तरी कुठं अनुभव आहे?"

आनंदराजच्या छातीवरचं काहीतरी सुटलं. "मग विनोदभाऊंना आपण दोघं मिळून..."

"थांबा. माझं झालं नाही." तिनं पर्सचा बंद बोटाला गुंडाळला. "तुमच्या दोस्तानं दादाला जे सांगितलं, ते दादा मला सांगत नव्हता. मी वहिनीकडून काढून घेतलं. तुम्ही त्या दिवशी काय सांगितलं होतं, आठवतं तुम्हाला?"

"न्हाई. असंच काहीतरी. बढाई."

"तुम्ही सांगितलं होतं, ती पोरगी नवीन होती. रडत होती, नको म्हणून पाया पडत होती. आणि तुम्ही म्हणालात, मी सोडतो काय."

आणि मग त्याला आठवलं. सगळं आठवलं. फलाटावरचा तो बाकडा, बालाजीचे मोठे झालेले डोळे, आणि आपला स्वतःचा आवाज. दोघांपेक्षा मोठं सांगायचं होतं. काय सांगितलं की मोठं होतं ते शोधताना हेच तोंडात आलं होतं. आणि त्यावरच थाप मिळाली होती.

"पण असं काही झालंच न्हाई," तो म्हणाला. "तशी कुणी बाईच नव्हती."

"माहीत आहे. म्हणून तर जास्त त्रास होतो. झालं असतं तर म्हटलं असतं, माणूस वाईट संगतीत गेला, घसरला. पण तुम्ही बसून ते तयार केलंत. काहीही तयार करता आलं असतं. ती हसली असं सांगता आलं असतं, बोलली असं सांगता आलं असतं. तुम्हाला मर्द दिसायला एक रडणारी बाई लागली."

रसवंतीचा चरक फिरत होता, घुंगरू वाजत होते.

"चोवीस वर्षांचा होतो मी."

"आणि पुढची तेरा वर्षं? ती गोष्ट निघाली की तुम्ही हसायचात, असं तुमचा दोस्त म्हणाला. मी रडले तर तुम्ही काय कराल, हे मला आता कळणार नाही. रोज मनात येत राहील." ती उठली. "तुम्ही वाईट आहात असं मी कुणाला सांगणार नाही. दादालाही सांगेन की तुम्ही कुठं गेला नव्हता. पण लग्न नको."

दहा पावलं जाऊन ती माघारी आली. त्याच्या मनात एक वेडी आशा उठली. पण तिनं दोन रसांचे पैसे बाकड्यावर ठेवले आणि गेली.

त्यानंतर सरजाबाईला सांगणं आलं. तिनं आळीभर पेढ्यांचा निरोप दिला होता. "का मोडलं?" तिनं विचारलं. "पत्रिका जुळल्या न्हाईत," तो म्हणाला. "बौद्धाच्या घरात कसल्या पत्रिका?" ती म्हणाली आणि तिनं फोन ठेवून दिला.

महिना गेला. एका शुक्रवारी बालाजीचा फोन आला. आवाज गोड.

"आनंद्या, रविवारी बैठक हाय. तनुजाकडचे येणार, तिचा मामा ग्यानोबा येणार. तू ये. तू दवाखाना लाइनचा माणूस, तुझं ऐकतील. जास्त काही न्हाई, एवढंच सांगायचं, की मी याला आधीपासून ओळखतो, लग्नाआधी याचं सगळं ठीक होतं. सिकंदराबादचं सांग. बायकांसमोर न्हाई, बाहेर गड्यांत सांग."

"मी मागितलं तेव्हा तू दिलं न्हाईस."

"तुझं अजून झालं नव्हतं रे. माझं झालेलं मोडायलंय. दोस्त ना आपण?"

आनंदराज येतो म्हणाला. का जातोय हे त्याला रविवारी सकाळी बसमध्ये बसेपर्यंत ठाऊक नव्हतं, आणि बसल्यावरही नीट ठाऊक नव्हतं.

शेषेरावांच्या अंगणात पत्र्याखाली सतरंज्या टाकल्या होत्या. पंधरा-वीस माणसं. बायका दारातल्या ओसरीवर, त्यांत कडेला तनुजा, मांडीवर हात ठेवून, कुणाकडंही न बघता. बारीक चणीची, पंचवीस-सव्वीसची. आनंदराज तिला पहिल्यांदाच बघत होता. हिला बालाजीनं मारलं होतं.

ग्यानोबानं विषय काढला. म्हातारा माणूस, शब्द चाचपत बोलत होता. "पोरीचं म्हणणं असं हाय, की दोन वर्षं झाली, पण संसार म्हणावा तसा... तुम्हाला समजतं. तिनं दवाखान्याला चला म्हणलं तर हात उचलला. आम्हाला भांडण न्हाई पाहिजे. पोराला दाखवून आणा, न्हाईतर फारकत करा."

शेषेराव उसळले. "माझ्या पोरात खोट काढता? खोट असंल तर तुमच्या पोरीत. लग्नाआधी याचे काय धंदे होते ते याच्या दोस्ताला विचारा. हा बघा, नांदेडचा, दवाखान्यात हाय. सांग रे."

सगळ्या माना वळल्या. गड्यांत वेगळं सांगायचं ठरलं होतं, पण शेषेरावांनी ते सगळ्यांसमोरच मागितलं होतं. बालाजीनं डोळ्यांनी खुणावलं, सांग. तेच डोळे, फलाटावरचे.

"मी आणि हा सिकंदराबादला गेलो होतो," आनंदराज म्हणाला. "परीक्षेला. त्या वेळी आम्ही एकमेकांना जे सांगितलं ते खोटं होतं. हा बी कुठं गेला नव्हता, मी बी गेलो नव्हतो. याला काही खोट हाय असं न्हाई. याला ठावं नव्हतं, एवढंच. मला बी न्हाई. मी सदतीस वर्षांचा हाय, मला आजपर्यंत कुठल्या बाईचा अनुभव न्हाई. डॉक्टरांकडं अशी लई माणसं येतात. दाखवलं की..."

मागं कुणीतरी फिस्सकन हसलं. मग दुसरा हसला. मग ते हसू सतरंजीभर पसरलं. तनुजाकडचेही हसले, बालाजीकडचेही हसले. त्या दिवशी दोन्ही बाजूंचं एकमत झालं ते एवढ्याच गोष्टीवर. हसणाऱ्यांत दोघं तिघं बिनलग्नाचे गडी होते, तिशी उलटलेले. तेच सगळ्यांत मोठ्यानं हसत होते.

शेषेराव उभे राहिले. "तू तसा असशील, माझ्या पोराला तुझ्या रांगेत बसवतो? तुला या उंबऱ्यात येऊ दिलं हीच चूक झाली माझी."

त्या वाक्यात काय होतं ते आनंदराजला कळलं, आणि बसलेल्या सगळ्यांनाही कळलं. हसू थांबलं. कुणी काही बोललं मात्र नाही. बालाजीही बोलला नाही.

बोलली ती तनुजा. उठून ओसरीच्या खांबापाशी आली होती.

"हे एकदा तरी मला सांगायचं होतं," ती बालाजीकडं बघून म्हणाली. "मला ठावं न्हाई, मला भेव वाटतं, एवढंच. मी कुठं गेले असते? मला तरी काय ठावं होतं?"

बालाजीनं तिच्याकडं बघितलं नाही. तो सतरंजीवरनं उठला, चपला पायात सरकवल्या आणि गाडी काढून निघून गेला. तो येईल म्हणून बैठक थांबली, तास झाला, दीड तास झाला. मग ग्यानोबानं टोपी घातली आणि म्हणाला, "चला. झालं."

आनंदराज पायी स्टँडकडं निघाला. निम्म्या वाटेत बालाजी गाडी लावून एका बांधावर बसलेला दिसला. आनंदराज थांबला.

"झालं समाधान?" बालाजीनं विचारलं.

आनंदराजला सांगायचं होतं की मी तुझ्या भल्यासाठी बोललो. पण बोलताना आत कुठंतरी गोड वाटलं होतं, ते त्याला नाकारता येईना. तो स्टँडकडं चालू लागला.

फारकत आखाडात झाली. बैठकीतली गोष्ट इस्लापूरपर्यंत पोचली आणि सरजाबाईच्या कानावर गेली. तिनं पोराला विचारलं नाही, पण त्यानंतर स्थळ बघणं बंद केलं. लॅबमध्ये मागच्या खोलीत पोरं त्याला ब्रह्मचारी सर म्हणायला लागली. पहिल्या पहिल्यांदा दबून, मग तोंडावर.

एके दिवशी दुपारी देगलूरहून मल्लिकार्जुनचा फोन आला. किती वर्षांनी. त्याला दोन मुलं होती, बायको नीलम्मा बचत गटाची अध्यक्ष होती.

"भोकरच्या बैठकीचं कळलं रे," तो म्हणाला. "तू सगळं सांगितलंस म्हणे. माझं नाव तर न्हाई ना घेतलंस?"

"न्हाई घेतलं. तू गेला होतास ना पण?"

पलीकडं दार लावून घेतल्याचा आवाज आला.

"कशाचा जातो," मल्लिकार्जुन हळूच म्हणाला. "पिक्चरला बसलो होतो. तेलुगू. पण नीलम्माला मी लग्नाच्या वर्षीच सांगितलंय, गेलो होतो म्हणून. ती आजपर्यंत त्यावरनं मला धाकात ठेवते. आता खरं सांगितलं तर ती हसंल. तेवढं सांभाळ."

"सांभाळतो," आनंदराज म्हणाला.

बाहेर नंबर पुकारून झाला होता आणि एक माणूस बाही वर करून खुर्चीत बसला होता.